सेवाज्येष्ठता यादीवर हरकत घ्यायला पैसे देऊन सल्ला घ्यावा का? एका सल्ला केंद्राचा रिव्ह्यू, ५ पैकी ३.५

आधी रेटिंग, मग रामायण. तारखांचा तक्ता बनवून द्यायच्या कामाला ५ पैकी ५, निवाड्यांच्या गठ्ठ्याला २, आणि दाद कुठं मागायची या सल्ल्याला १ देतेय तो पण जीवावर येऊन. तरी एकूण साडेतीन का, तर सेवाज्येष्ठतेच्या, म्हणजे नोकरीत सिनियर कोण याच्या, भानगडीत खरं काम तक्त्याचंच असतं आणि ते या माणसाला जमतं. केंद्राचं नाव, गाव, माझा जिल्हा यातलं काहीच लिहिणार नाही, आमच्या लाईनीत सगळे सगळ्यांना ओळखतात आणि उद्या परत त्याच आस्थापनेच्या, म्हणजे कर्मचाऱ्यांचं रेकॉर्ड बघणाऱ्या शाखेच्या, टेबलापुढं उभं राहायचंय.

ज्यांना विषय माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. मी ग्रामसेवक, म्हणजे होते, आता ग्रामपंचायत अधिकारी म्हणायचं. सप्टेंबर २०२४ ला मंत्रिमंडळाने ग्रामसेवक आणि ग्रामविकास अधिकारी ही दोन पदं एकत्र करून ग्रामपंचायत अधिकारी असं एकच पद करायचं ठरवलं, संघटनेची जुनी मागणी होती, पंचायत समितीत पेढे वाटले आम्ही. गावात तसा काही फरक पडला नाही, पुरुष असला तर भाऊसाहेब, बाई असली तर मॅडम, आणि पाणीपुरवठ्याची मोटर जळाली की फोन त्यालाच. फरक पडला तो यादीत. आधी ग्रामसेवकांची यादी वेगळी आणि ग्रामविकास अधिकाऱ्यांची वेगळी, ग्रामसेवकाचं प्रमोशन म्हणजे ग्रामविकास अधिकारी आणि त्याच्या पुढं विस्तार अधिकारी पंचायत. आता मधली पायरीच काढल्यावर विस्तार अधिकारी व्हायच्या रांगेत सगळे एकदम आले आणि त्या रांगेत पुढं कोण मागं कोण हे ठरवायला एकच यादी. पेढ्यांची चव तिथं गेली.

यादी लागायची पद्धत तुम्हाला माहीतच असेल, १ जानेवारीची स्थिती धरून तात्पुरती यादी, मग ठराविक दिवसात हरकती, मग अंतिम यादी. आमची एकत्रित तात्पुरती यादी पीडीएफ होऊन ग्रुपवर पडली, मोबाईलवर झूम केलं की नाव दिसतं तर तारीख स्क्रीनच्या बाहेर, तारखेकडं सरकवलं की नाव गायब, त्यामुळे पहिले दोन तास सगळे नुसतं एकमेकांना तुझा नंबर किती माझा नंबर किती विचारत होते. रात्रीपर्यंत कुणीतरी लाल गोल करून स्क्रीनशॉट टाकायला लागलं. आणि दुसऱ्या दिवसापासून जो ग्रुप सकाळी सहाला गुड मॉर्निंगने उठायचा तो एकदम शांत, कारण प्रत्येकाने आपापला वेगळा ग्रुप काढला होता, जुन्या ग्रामविकास अधिकाऱ्यांचा एक, सिनियर ग्रामसेवकांचा एक, आमच्या बॅचचा एक.

भांडण काय आहे ते पण सांगते कारण त्याशिवाय या केंद्राने काय केलं ते कळणार नाही. जे आधीच ग्रामविकास अधिकारी झाले होते ते म्हणतात आम्ही वरच्या पदावर होतो तर आम्ही सगळे गठ्ठ्याने वर, खालचे सगळे आमच्याखाली. आंतरजिल्हा बदलीने आलेले म्हणतात आमची आधीच्या जिल्ह्यातली सेवा धरा, त्यांना बाकीचे म्हणतात विनंतीने आलात, तळाला बसायचं कबूल करून आलात. बिंदूनामावलीने, म्हणजे आरक्षणाच्या क्रमाने, लवकर प्रमोशन मिळालेल्यांचा प्रश्न वेगळाच, तो वरच्या कोर्टातला विषय आहे आणि त्यात मी इथं हात घालत नाही.

पण सगळ्यात गंमत आहे ती प्रमोशन नाकारलेल्यांची. आमच्यात असे बरेच. ग्रामविकास अधिकारी म्हणून ऑर्डर निघाली, तालुका मिळाला जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला, मुलं दहावी बारावीला, घरी म्हातारी माणसं, पगारात फरक असा मोठा नाही कारण आश्वासित प्रगती योजनेत १०, २० आणि ३० वर्षाला वरची वेतनश्रेणी तशीही मिळते, मग दिलं लिहून की मला पदोन्नती नको. त्यांच्या मागचे लोक प्रमोशन घेऊन गेले, तिथं राहिले, एसटीने येऊन जाऊन केली, दप्तर तपासणीत शिव्या खाल्ल्या. आता पदं एक झाल्यावर नाकारलेल्याला न मागता तेच पद घरबसल्या मिळालं, आणि वर तो म्हणतो माझी एकूण सेवा जास्त, मी वर! मी स्वतः ग्रामसेवकच राहिलेली, प्रमोशनचा नंबरच आला नव्हता, त्यामुळे जुने ग्रामविकास अधिकारी वर गेले तर माझाच नंबर खाली जातो, तरी मला विचाराल तर जे गेले त्यांचा हक्क आहे वर बसायचा. हे मी केंद्रातल्या साहेबांनाही सांगितलं, ते म्हणाले "ताई, हरकतीत असं काही लिहू नका फक्त."

आता केंद्राबद्दल. झेरॉक्सच्या दुकानावर पहिल्या मजल्यावर एक खोली, दोन टेबलं, एक कपाट, भिंतीवर सहकारी बँकेचं कॅलेंडर. चालवणारे साहेब आस्थापनेच्याच कामातून रिटायर झालेले, सोबत एक तरुण वकील असतात पण ते आठवड्यातून ठराविक दिवशी, आणि टायपिंगला एक मुलगी. पहिली बैठक ५०० रुपये, तक्ता आणि हरकत अर्ज मिळून ३५०० रुपये, निवाड्यांच्या प्रती पाहिजे असतील तर वेगळे १२०० रुपये. पावती मागितली की देतात, न मागता देत नाहीत. शनिवार रविवार पाय ठेवायला जागा नसते कारण सगळेच नोकरीवाले, जिन्यात बसून नंबर यायची वाट बघायची, एका रविवारी तर माझ्या पुढं माझ्याच यादीतले दोघं बसलेले, ज्यांच्याविरुद्ध हरकत घ्यायला मी आले होते आणि ते बहुतेक माझ्याविरुद्ध. चहा एकत्रच प्यालो. पण हा मुद्दा हसण्यावारी नेण्यासारखा नाही, एकच माणूस एकाच यादीतल्या दोन्ही बाजूंचे अर्ज लिहितो हे मला पटलं नाही आणि मी तसं विचारलं तेव्हा साहेब म्हणाले की मी फक्त तारखा मांडतो, बाजू घेत नाही. तारखांपुरतं ते खरंही आहे. अर्जाच्या भाषेपुरतं नाही, त्याचा एक स्टार इथंच कापला.

तक्त्याचं काम मात्र बघण्यासारखं. साहेबांनी आधी माझं काहीच ऐकून घेतलं नाही, म्हणाले सेवापुस्तकाची प्रत आणलीय का, आणली असेल तर बोलू. मग पट्टी आणि लाल पेन घेऊन यादीचा एकेक रकाना, आमच्या बॅचची पहिली दहा बारा नावं, प्रत्येकाचा कंत्राटी नेमणुकीचा दिनांक, नियमित नेमणुकीचा दिनांक, हजर दिनांक, स्थायित्व म्हणजे नोकरीत कायम केल्याचा दिनांक, आणि शेवटी शेरा. आमची भरती कंत्राटी ग्रामसेवक म्हणून, पहिली तीन वर्षं मानधनावर आणि मग नियमित वेतनश्रेणी. पट्टी खाली सरकवत सरकवत ते एका नावावर थांबले, वर गेले, परत खाली आले आणि म्हणाले हे बघा. रकान्याचं शीर्षक होतं "पदावरील नियुक्तीचा दिनांक", आणि त्या एकाच रकान्यात काही लोकांची तारीख कंत्राटी नेमणुकीची होती आणि काहींची नियमित झाल्याची. म्हणजे एकाच दिवशी लागलेल्या दोघांत सरळ तीन वर्षांचं अंतर! कुणी मुद्दाम केलंय असं मी म्हणत नाही, तालुक्यातालुक्यातून माहिती मागवली, ज्या पंचायत समितीच्या क्लार्कला रकान्याचा जो अर्थ लागला तो त्याने भरला, जिल्ह्याला आल्यावर कुणी न बघता चिकटवलं. पण मी तीन वेळा ती यादी वाचून मला हे दिसलं नव्हतं, मी आपली माझ्याच ओळीत चूक शोधत होते, आणि माझी ओळ बरोबरच होती, चुकीच्या ओळी वरच्या होत्या.

कंत्राटी काळ धरायचा की नाही यावर तासभर वाद घालता येईल आणि आमच्यात रोज चालतो. साहेबांचं म्हणणं एवढंच की अर्जात तो वाद घालायचाच नाही, जो काही नियम लावाल तो सगळ्यांना एकच लावा एवढंच लिहायचं, आणि सोबत तक्ता जोडायचा ज्यात दोन्ही तारखा दोन वेगळ्या रकान्यात. हे मला फार आवडलं. माझ्या स्वतःच्या मसुद्यात पाच पानं अन्यायावर होती, संविधान होतं, कलम १४ आणि १६ होतं, मुलांच्या शिक्षणाचाही उल्लेख होता बहुतेक. त्यांनी ती पाच पानं बाजूला ठेवून सव्वा पानाचा अर्ज केला.

दुसरी गोष्ट सापडली ती आमच्या बॅचच्या आतली. यादी लावली होती हजर दिनांकाने. आता एकाच निवड यादीतून घेतलेल्या लोकांना ऑर्डर एकाच दिवशी निघते पण ज्याला जवळचं गाव मिळतं तो दुसऱ्या दिवशी सकाळी हजर होतो आणि ज्याला डोंगरातलं गाव मिळतं तो आधी घर बघतो मग आठ दहा दिवसांनी जातो. राज्य सरकारच्या कर्मचाऱ्यांचे ज्येष्ठतेचे नियम आधी १९८२ चे होते, आता २०२१ चे आहेत, त्यातल्या १९८२ च्या नियमातच स्पष्ट होतं की एकाच बॅचला सरळसेवेने म्हणजे थेट भरतीने निवडलेल्यांची आपसातली ज्येष्ठता निवड यादीतल्या गुणानुक्रमाने, फक्त ऑर्डरपासून ३० दिवसात किंवा वाढवून दिलेल्या मुदतीत हजर झालेलं पाहिजे. आम्ही जिल्हा परिषदेचे, आमचे सेवाप्रवेश नियम १९६७ चे वेगळे, पण तत्त्व तेच धरून मागणी करायची म्हणून साहेबांनी निवड समितीची मूळ निवड यादी आणा म्हणून सांगितलं. ती कुणाकडंच नव्हती. मग माहिती अधिकारात अर्ज, १० रुपयांचा कोर्ट फी स्टँप, ३० दिवसांची मुदत. हरकतीची मुदत त्याआधीच संपत होती, तर हरकतीत लिहून टाकलं की मूळ निवड यादी मागवली आहे, प्राप्त होताच सादर करू, आणि आरटीआयच्या अर्जाची पोच जोडली. अशा बारीक गोष्टींना मी पैसे दिले आणि ते वसूल झाले.

पोचेवरून आठवलं, साहेबांचा एक नियम आहे, हरकत ईमेलने पाठवलीत तरी टपालात स्वतः द्या, आवक नंबर आणि शिक्का दुसऱ्या प्रतीवर घ्या, बीडीओ म्हणजे गटविकास अधिकाऱ्यांमार्फत एक आणि जिल्ह्याला आगाऊ प्रत एक. ऑफिसात मला विचारलं "मॅडम, विश्वास नाही का आमच्यावर", मी म्हटलं आहे हो, पण शिक्का मारा.

आता निवाड्यांचा गठ्ठा, ज्याला मी २ दिलेत. १२०० रुपयात जाडजूड स्पायरल बाइंडिंग मिळतं आणि त्यात सगळ्यांना सरसकट तेच. मला सवय आहे वाचायची म्हणून बसून वाचलं, बराचसा भाग आमच्या कामाचा नाही. पण जे कामाचं आहे ते लिहिते म्हणजे तुमचे १२०० वाचतील.

पदं एकत्र करताना समकक्ष कोण हे कसं ठरवायचं हा प्रश्न आपल्याकडं १९५६ पासूनचा. राज्य पुनर्रचना झाली तेव्हा जुनं मुंबई राज्य, हैदराबादचा मराठवाडा, मध्य प्रदेशातला विदर्भ असे तिन्हीकडचे कर्मचारी एका राज्यात आले, एकाकडं पगार जास्त तर दुसऱ्याकडं अधिकार जास्त. तेव्हा राज्यांच्या मुख्य सचिवांच्या बैठकीत कसोट्या ठरल्या त्या अजून कोर्टात चालतात, पदाचं काम आणि कर्तव्य काय, अधिकार आणि जबाबदारी किती म्हणजे किती मोठा भाग सांभाळता, भरतीला किमान शिक्षण काय, आणि चौथ्या नंबरला पगार. सुप्रीम कोर्टाने १९६८ च्या पी. के. रॉय खटल्यात हे मान्य केलं. आमच्यातले सगळे फक्त पगार पगार करतात, तो शेवटचा आहे हे लक्षात ठेवा. ग्रामसेवकाचं आणि ग्रामविकास अधिकाऱ्याचं काम तेच, ग्रामसभा तीच, दप्तराचे नमुने तेच, फरक काय तर मोठी ग्रामपंचायत, आता हा "मोठा भाग सांभाळणे" यात बसतो का नाही यावर दोन्ही बाजू सही सही भांडू शकतात.

दुसरा, मुंबईच्या रेशनिंगवाल्यांचा, मकाशी विरुद्ध मेनन, १९८२ चा म्हणून सांगतात. वेगवेगळ्या खात्यातून आणलेली माणसं रेशनिंगच्या संघटनेत, त्यांची ज्येष्ठता सरकारने १९६८ च्या निर्णयाने ठरवली, सुप्रीम कोर्ट म्हणालं वेगवेगळ्या ठिकाणाहून माणसं एका सेवेत आणली तर त्यांची आधीची सेवा मोजली जावी हे न्याय्य तत्त्व आहे. आमचे सिनियर ग्रामसेवक हाच निवाडा घेऊन फिरतात. पण तो नीट वाचला तर ती माणसं वेगवेगळ्या खात्यातली होती, एका शिडीच्या वरच्या खालच्या पायरीवरची नव्हती. आणि त्याच निवाड्यातला दुसरा भाग कुणी सांगत नाही, की १९६८ च्या निर्णयावर लोक कोर्टात गेले १९७६ ला, आणि एवढा उशीर सुप्रीम कोर्टाला अजिबात आवडला नाही. पुढं २०१० च्या ओरिसाच्या एका खटल्यात तर कोर्टाने ज्येष्ठतेला आव्हान द्यायला तीन चार वर्षं हा वाजवी काळ असं सांगून टाकलं. त्यामुळे "बघू पुढच्या यादीला" म्हणणाऱ्यांनी हे भिंतीवर लावावं.

१९७६ चा रिझर्व्ह बँकेचा पालीवाल खटला पण गठ्ठ्यात आहे, तिथं वेगवेगळ्या विभागातल्या क्लार्कांची एकत्रित ज्येष्ठता योजना १९७२ ला आणली होती, ज्यांच्या विभागात प्रमोशन पटापट मिळायचं ते चिडले, कोर्ट म्हणालं केडर म्हणजे पदांचे गट एकत्र करणं हा मालकाचा अधिकार आहे, भेदभाव नको एवढंच. आणि १९८१ चा आपल्याच विक्रीकर खात्याचा निवाडा, चंद्रकांत कुलकर्णी, त्यात ते वाक्य आहे जे ऐकल्यावर आमच्या बॅचच्या ग्रुपवर एक मिनिट कुणी बोललं नाही, प्रमोशनची संधी कमी होणं म्हणजे सेवाशर्ती बिघडणं नव्हे. प्रमोशनसाठी तुमचा विचार व्हायचा हक्क आहे, तुमचा नंबर चाळीसवरून एकशे चाळीसवर गेला याची दाद एवढ्यावरून मिळत नाही. साहेब हा निवाडा गठ्ठ्यात ठेवतात पण अर्जात टाकत नाहीत, साहजिक आहे.

आणि इंजिनिअरांचा १९९० चा, डायरेक्ट रिक्रूट विरुद्ध महाराष्ट्र राज्य, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा. नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून, कायम केल्याच्या तारखेपासून नाही, आणि नियमाबाहेरची नुसती तात्पुरती सोय म्हणून केलेली नेमणूक असेल तर तो काळ धरायचा नाही. आमच्या कंत्राटी तीन वर्षांच्या वादात दोन्ही पार्ट्या याच एका निवाड्याचे दोन तुकडे वाचून दाखवतात. निवड समितीतून, जाहिरातीतून, परीक्षा देऊन आलेल्याला मागच्या दाराने आलेला म्हणता येत नाही असं माझं मत, पण माझं मत म्हणजे निवाडा नव्हे.

आता ज्याला १ दिला ते. साहेबांनी पहिल्याच बैठकीत छातीठोक सांगितलं की हरकत फेटाळली तर मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जाऊ, फी नाममात्र, मुंबईला नको असेल तर नागपूर किंवा संभाजीनगरचं खंडपीठ आहे, सहा महिन्यात उत्तर नाही आलं तरी पुढच्या एका वर्षात अर्ज करता येतो. हे सगळं राज्य सरकारच्या कर्मचाऱ्यांसाठी बरोबर आहे. पण आम्ही जिल्हा परिषदेचे कर्मचारी! आमची प्रकरणं मॅटमध्ये चालत नाहीत, आम्हाला हायकोर्टात रिट याचिका करावी लागते. साहेबांची आख्खी नोकरी राज्य शासनाच्या खात्यात गेली त्यामुळे तोंडात मॅटच बसलेलं, पण पैसे घेऊन सल्ला देताना हे चालणार नाही ना. वकीलसाहेब ज्या दिवशी भेटले त्या दिवशी त्यांनी लगेच दुरुस्त केलं, आणि म्हणाले आपल्याकडच्या सहा जिल्ह्यांसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय त्यामुळे आता मुंबईच्या फेऱ्या नकोत. म्हणजे उत्तर त्याच खोलीत होतं, फक्त चुकीच्या टेबलावर विचारलं तर चुकीचं मिळतं. तुम्ही गेलात तर कोर्टाचं काहीही साहेबांना विचारू नका, वकिलांचा दिवस विचारून त्याच दिवशी जा.

वकिलांनी अजून एक गोष्ट सांगितली ती जास्त जड आहे. ज्येष्ठतेच्या रिटमध्ये नुसती जिल्हा परिषद आणि शासन प्रतिवादी करून भागत नाही, तुमचं ऐकलं तर ज्यांचा नंबर खाली जाणार त्यांनाही नावानिशी प्रतिवादी करावं लागतं, नाहीतर याचिका तेवढ्यावरच अडकते. त्यांनी कागद पुढं सरकवला आणि म्हणाले लिहा नावं. पहिलं नाव ज्या बाईंनी मला जॉइन झाल्यावर कॅशबुक लिहायला शिकवलं त्यांचं. दुसरं ज्याच्या गाडीवर मागं बसून मी पूरग्रस्तांचे पंचनामे केले त्याचं. मी पेन ठेवलं आणि म्हटलं आधी हरकतीचं काय होतं ते बघू. वकील समजूतदार, म्हणाले हरकत पुरेशी नीट असेल तर बऱ्याचदा ऑफिसच दुरुस्ती करतं, आणि न करणाऱ्यांना निदान हे म्हणता येत नाही की यांनी वेळेत सांगितलं नव्हतं.

वेटिंगमध्ये बसलं की कळतं हे आपल्यापुरतं नाही. एक साहेब ग्रामीण बँकेचे भेटले, १ मे २०२५ ला विदर्भ कोकण ग्रामीण बँक आणि महाराष्ट्र ग्रामीण बँक एक झाल्या, तर त्यांना फक्त पुढं काय काय बघावं लागेल ते समजून घ्यायचं होतं, म्हणजे यादी लागायच्या आधीच आलेला माणूस, मला तर पाया पडावंसं वाटलं. माझा मेहुणा सरकारी बँकेत, १ एप्रिल २०२० ला दहा बँकांच्या चार झाल्या त्यातला, तो म्हणतो आमच्याकडं लग्नात सुद्धा लोक विचारतात तू मूळचा कुठल्या बँकेचा.

अर्जाची भाषा हा शेवटचा तक्रारीचा मुद्दा. "अत्यंत नम्रतापूर्वक व विनयपूर्वक सादर करण्यात येते की" ने सुरुवात, मग मुद्दा, मग "सबब मेहेरबान साहेबांनी सहानुभूतीपूर्वक विचार व्हावा". मी म्हटलं सहानुभूती कशाला, तारीख चुकलीय ती दुरुस्त करा एवढं लिहा. नाही म्हणाले, पद्धत आहे. शेवटी सहानुभूती मी स्वतः पेनने खोडली आणि फेअर प्रतीचे टायपिंगवाल्या मुलीने वेगळे ४० रुपये घेतले. "मानीव दिनांक", म्हणजे प्रमोशन आधीच मिळालं असं मानायची तारीख, मागायचा असेल तर मात्र त्यांचा मसुदा वापरा, तो त्यांचा हातखंडा आहे, तुमच्यापेक्षा ज्युनिअरला आधी प्रमोशन दिलं असेल तर कुठल्या तारखेचा मानीव दिनांक मागायचा आणि पगाराच्या फरकाचं काय लिहायचं हे ते डोळे मिटून सांगतात.

कुणी जावं, तर ज्याच्या यादीत तारखांचा घोळ असण्याची शंका आहे त्याने नक्की जावं, ५०० ची पहिली बैठक कुठेही वाया जात नाही. ज्याचा वाद धोरणाचा आहे म्हणजे वरचे गठ्ठ्याने वर का एकूण सेवेने, त्याने पैसे घालवू नयेत, ते शासनाच्या पातळीवर संघटनेने लढायचं काम आहे, एकेकट्याने सव्वा पानाच्या अर्जात होणारं नाही. निवाड्यांचं बाइंडिंग घेऊच नका, साहेब दोनदा विचारतात, दोनदा नको म्हणा.

माझी हरकत आत आहे, शिक्क्यासकट. निवड यादी आरटीआयमधून आली, तिची प्रत पण दिली. आस्थापनेवरून फोन आला होता की मॅडम तुमच्या तक्त्याची एक्सेल फाईल मिळेल का, आम्हाला सगळ्या तालुक्यांचं तसंच करून घ्यायचंय. पाठवली. अंतिम यादी अजून लागलेली नाही.

जाणार असाल तर सेवापुस्तकाची पूर्ण प्रत, पहिल्या नेमणुकीची ऑर्डर, नियमित केल्याची ऑर्डर, हजर रिपोर्ट आणि यादीची ए थ्री साइजमधली प्रिंट घेऊन जा, खालच्या झेरॉक्सवाल्याकडं ए थ्री मिळत नाही.